पावडर कोपऱ्यात बसत नाही? केव्हीचं बटण फिरवण्याआधी या चुका टाळा

पावडर कोटिंगला (भारित रंगपावडर फवारून ओव्हनमध्ये पक्की करायला) आलेला इलेक्ट्रिकल पॅनेलचा बॉक्स. बाहेरून झकास कोट बसलाय, पण आतल्या कोपऱ्यांत पत्रा उघडा दिसतोय. अशा वेळी हात आपोआप केव्हीच्या, म्हणजे गनचे किलोव्होल्ट ठरवणाऱ्या, बटणाकडे जातो. ६० चे ८० होतात, ८० चे १००. कोपरा तसाच राहतो आणि वर कडांवर संत्र्याच्या सालीसारखे खड्डे उमटतात. मग पावडरच्या पेटीवर खापर फुटतं, सप्लायरला फोन जातो. पावडर बहुतेक वेळा निर्दोष असते. पावडर फवारणारी गन आणि जॉब (रंगवायची वस्तू) यांच्यामधल्या विद्युतक्षेत्राचं काय चाललंय, ते बघायचं राहून गेलेलं असतं.

कोरोना गनच्या सुईवर साधारण ३० ते १०० किलोव्होल्ट ऋण विद्युतदाब असतो. टोकापाशी क्षेत्र इतकं तीव्र असतं की तिथली हवा फुटते आणि आयन, म्हणजे भारित सूक्ष्मकण, सुटतात. त्यातले काही पावडरच्या कणांना चिकटतात, कण ऋणभारित होतात आणि अर्थ केलेल्या जॉबकडे ओढले जातात. बाकीचे आयन मोकळेच जॉबवर जाऊन पडतात. हे मोकळे आयनच पुढे बराच त्रास देतात.

हे ओढणं किती जोराचं असतं? ४० मायक्रॉन व्यासाचा कण घ्या. घनता घनसेंटिमीटरला १.४ ग्रॅम आणि भार ग्रॅमला १ मायक्रोकूलोम धरू. क्षेत्र सेंटिमीटरला ३ किलोव्होल्ट असेल, तर कणावरचं विद्युतबल त्याच्या वजनाच्या सुमारे ३० पट येतं. हवेचा विरोध जमेस धरला, तर तो क्षेत्राच्या जोरावर सेकंदाला साधारण २ मीटर वेगाने जॉबकडे सरकतो. हा २ मीटरचा आकडा लक्षात ठेवा, पुढे लागेल.

अर्थिंग ‘आहे ना’ म्हणून सोडून देणं

सगळ्यात महागात पडणारी चूक हीच, आणि सगळ्यात कमी तपासली जाते तीही हीच. कन्व्हेअरला पट्टी लावली आहे, पट्टी अर्थिंगच्या खड्ड्यात गेली आहे, म्हणजे जॉब अर्थ झाला असं धरून चालतात. पण जॉब लटकतो हुकवर. तो हुक प्रत्येक फेरीत पावडर खातो आणि ओव्हनमधून पक्का होऊन बाहेर येतो. चार-पाच फेऱ्यांनंतर त्याच्यावर प्लास्टिकचं जाड आवरण चढतं आणि हुक इन्सुलेटर होऊन बसतो.

गनमधून जॉबकडे ५० मायक्रोअँपिअर करंट जातोय असं धरा. जॉबपासून अर्थपर्यंतचा रोध १ मेगओम असेल, तर जॉबवर फक्त ५० व्होल्ट चढतात. ८० किलोव्होल्टच्या खेळात ते नगण्य. हाच रोध हुकच्या थरामुळे १००० मेगओम झाला, तर त्याच हिशोबाने जॉब स्वतःच ५० किलोव्होल्टकडे चढायला लागतो. गन ८० वर, जॉब ५० वर. मधे क्षेत्र उरलं किती? पावडर जॉबला वळसा घालून जाते, शेजारच्या फवारणी-बूथच्या पत्र्यावर बसते, आणि जॉबला हात लावणाऱ्याला चटका बसतो. ढगासारख्या उडालेल्या पावडरमध्ये अशी ठिणगी पडणं म्हणजे आगीला आमंत्रण.

तपासायचं असं. आधी गन बंद करा, लाइन थांबवा, पावडरचा ढग बसू द्या. ५०० किंवा १००० व्होल्टचा मेगर (मोठा रोध मोजणारं मीटर) घ्या. एक टोक जॉबच्या उघड्या धातूवर, दुसरं अर्थच्या मुख्य पट्टीवर. वाचन १ मेगओमपेक्षा कमी आलं पाहिजे. खिशातला मल्टिमीटर या कामाला चालत नाही, कारण त्याच्या काही व्होल्टवर जोडणीचं खरं वागणं कळत नाही. वाचन जास्त आलं तर एकेक टप्पा मागे जा: जॉब ते हुक, हुक ते हँगर, हँगर ते कन्व्हेअरची साखळी, साखळी ते पट्टी. दोष बहुतेक पहिल्या दोन टप्प्यांतच सापडतो. हुक जाळून किंवा घासून साफ करा. जॉब जिथे टेकतो तिथे गोल वाकवलेल्या सळईपेक्षा धारदार कड ठेवा, म्हणजे वजनाने ती कोट कापून धातूला भिडते.

कोपऱ्यासाठी केव्ही वाढवणं

विद्युतक्षेत्राच्या रेषा कडांवर आणि टोकांवर गर्दी करतात, खोलगट भागात शिरत नाहीत. मायकेल फॅरडेने १८३६ साली धातूच्या पत्र्याने मढवलेल्या खोलीवर हेच दाखवून दिलं होतं: बाहेर कितीही भार द्या, आत क्षेत्र नाही. पॅनेलचा बॉक्स ही त्या खोलीची तोंड उघडं असलेली धाकटी बहीण. केव्ही वाढवलं की रेषा आणखी जोरात कडांवर जमतात, पावडर तिथेच थांबते आणि मोकळे आयनही तिथेच ओतले जातात. कोपऱ्याच्या वाट्याला जास्तीचं काही येत नाही.

कोपऱ्यात पावडर न्यायची असेल तर क्षेत्राचा जोर कमी करून हवेवर काम ढकला. करंट मर्यादेची सोय असलेल्या गनवर ती २० ते २५ मायक्रोअँपिअरवर आणा. सोय नसेल तर केव्ही ४० ते ६० पर्यंत उतरवा. नोझल चपट्या फवाऱ्याचं लावा, पावडरचा प्रवाह थोडा कमी करा आणि कोपरे आधी मारून घ्या, सपाट भाग मागाहून. आधी सपाट भाग मारला तर कडांवरचा थर भारून बसतो आणि पुढच्या कणांना ढकलतो.

गन जॉबच्या तोंडाशी नेणं

हाताने मारताना १५ ते २५ सेंटिमीटर अंतर ठेवा. ऑपरेटर घाईत ८-१० सेंटिमीटरवर येतो आणि करंट झपाट्याने चढतो. पडद्यावर १०० केव्ही सेट केलेले दिसले, तरी करंट वाढला की सुईवरचा खरा दाब खाली येतो, कारण गनच्या आत मोठा रोध असतो. म्हणजे हाती दाब कमी आणि मोकळे आयन मात्र भरमसाट, असा दुहेरी तोटा.

हे आयन थरात साठत जातात. पावडर इन्सुलेटर असल्याने भार अर्थपर्यंत झिरपायला वेळ लागतो. थराच्या आतलं क्षेत्र वाढतं, कणांच्या मधल्या हवेची सहनशक्ती संपते (मोकळ्या हवेची ती मिलिमीटरला सुमारे ३ किलोव्होल्ट असते) आणि थरातच बारीक बारीक स्फुल्लिंग होतात. याला बॅक आयनायझेशन म्हणतात. अंधारात बघितलं तर थरावर मंद निळसर ठिपके दिसतात. ओव्हनमधून निघाल्यावर तिथे तारे, पिनहोल किंवा ऑरेंज पील. म्हणून साध्या कामाला ६० ते ८० मायक्रॉन जाडी धरा आणि तिथे थांबा. एकाच फेरीत १५० मायक्रॉन चढवायचा हट्ट केला, तर खालचा थरच वरच्याला उडवून लावतो.

रिकोट करताना हाच त्रास दुप्पट होतो. भाजलेला पहिला कोट आधीच इन्सुलेटर आहे, भार निघायला जागा नाही. तिथे करंट १० मायक्रोअँपिअरच्या आसपास आणा, अंतर थोडं वाढवा आणि पातळ मारा.

हवेचा दाब म्हणजे जोर, असं समजणं

मघाचा २ मीटरचा आकडा आता काढा. क्षेत्र कणाला सेकंदाला २ मीटरने ओढतंय आणि गनमधून हवा त्याच्या कितीतरी पट वेगाने सुटतेय. कण जॉबपाशी येतो, पण जॉबला आपटून वळणाऱ्या झोतासोबत बाजूने निघून जातो, किंवा बसलेला कण मागून येणारी हवा उडवून नेते. ओळखायची खूण सोपी: जॉबवर गनसमोरच पातळ गोल दिसतो आणि भोवती जाड कडं. हवा हळूहळू उतरवा. फवारा जॉबपाशी पोचताना मऊ ढगासारखा पसरला पाहिजे. खूपच कमी केली तर नळीत पावडर साचून फवारा धक्क्याधक्क्याने येईल. त्या मर्यादेच्या किंचित वर थांबा.

रिकव्हरी पावडर बेहिशेबी मिसळणं

कणावर मावणारा भार त्रिज्येच्या वर्गाच्या प्रमाणात असतो, हवेचा विरोध त्रिज्येच्या प्रमाणात. म्हणून ४० मायक्रॉनच्या कणाला २ मीटर वेग मिळतो तिथे १० मायक्रॉनच्या कणाला जेमतेम अर्धा मीटर. बूथमधून पावडर खेचून घेणारी हवा साधारण तेवढ्याच वेगाने वाहते. हे बारीक कण (फाइन्स) जॉबपर्यंत पोचतच नाहीत, सरळ रिकव्हरीत, म्हणजे बूथमधून परत गोळा होणाऱ्या पावडरमध्ये, जातात. तीच रिकव्हरी पुन्हा हॉपरमध्ये (गनला पावडर पुरवणाऱ्या टाकीत) ओतली की प्रत्येक फेरीत फाइन्सचं प्रमाण वाढत जातं. आठवड्याने ‘पावडर बसत नाही’ अशी तक्रार येते, तिचं मूळ इथे असतं. नव्या पावडरचे ७० आणि चाळलेल्या रिकव्हरीचे ३० हे प्रमाण ओलांडू नका, आणि दोन्ही आधी नीट मिसळा. शिफ्टच्या शेवटी उरलेली सगळी रिकव्हरी एकदम ओतणं, हा तर हमखास बिघाडाचा मार्ग.

मेटॅलिक शेडमध्ये आणखी एक गोची आहे. सुट्ट्या मिसळलेल्या ॲल्युमिनियमच्या चकत्या मूळ पावडरपेक्षा वेगळा भार घेतात, त्यामुळे रिकव्हरीतून आलेल्या मालाची शेडच बदलते. बाँडेड मेटॅलिक (चकत्या कणांना चिकटवलेली पावडर) त्यासाठीच घ्यायची. चकत्या नोझलमध्ये साचून सुईपासून वाहक वाटही तयार करतात, म्हणून गन वरचेवर फुंकून साफ करा.

पावसाळ्यातलं दुर्लक्ष

जून ते सप्टेंबर कोकणपट्टीत, आणि घाटावरही, हवा दमट असते. बूथपाशी सापेक्ष आर्द्रता ४० ते ६० टक्क्यांत असलेली बरी. त्यावर गेली की पावडर ओल धरते, गुठळ्या होतात आणि कणावरचा भार वाटेतच गळतो. कॉम्प्रेसरच्या हवेतलं पाणी वेगळंच. ड्रायरचा दवबिंदू ३ अंशांच्या आसपास आहे का बघा आणि ड्रेन रोज सोडा. हवेच्या नळीसमोर टिपकागद दोन मिनिटं धरा. ओलसर डाग किंवा तेलाचा पिवळा ठिपका दिसला, तर गनला हात लावू नका, आधी ड्रायर आणि फिल्टर बघा. रात्री हॉपर उघडा टाकून जाऊ नका, आणि एसीच्या खोलीतून आणलेली पेटी बाहेरच्या तापमानाला आल्याशिवाय फोडू नका, नाहीतर आत दव धरतं.

सगळं ठीक असूनही बसत नसेल

मग गनकडे या. पडद्यावर केव्ही दिसणं आणि ते सुईवर पोचणं वेगळं. हाय-व्होल्टेज प्रोबने सुईपाशी मोजा. दाब येत नसेल तर गनमधला कॅस्केड (विद्युतदाब वाढवणारा भाग) किंवा केबल बघा. दाब येतोय पण करंट जवळजवळ शून्य असेल, तर सुई झिजली आहे का, तिच्यावर पावडर भाजून बसली आहे का ते तपासा. बोथट सुईपाशी क्षेत्र हवा फोडण्याइतकं तीव्र होत नाही.

आणि ऑपरेटरचा हात. गनची मूठ त्याच्या तळहातातून अर्थ होते असं समजू नका. उलट, तोच मुठीतून अर्थ होत असतो. जाड रबरी हातमोजा आणि साधे रबरी बूट घातले, की अंगावर भार साठतो आणि पुढचा लोखंडी खांब शिवला की ठिणगी उडते. अँटिस्टॅटिक बूट द्या, आणि हातमोजा वापरायचाच असेल तर मुठीला टेकणारा तळव्याचा भाग कापून काढा.