डायमंड शोधताना या चुका टाळा: आधी अकरावरचं खणणं बंद करा

जानेवारीत गड्ड्याच्या यात्रेला भाचा अक्कलकोटहून आमच्याकडे जुळे सोलापुरात राहायला आला होता. संध्याकाळी होम मैदानावर पाळणे, घरी येऊन भाकरी-शेंगाचटणी, आणि जेवण झालं की मोबाईलवर माइनक्राफ्ट, ब्लॉक खणून-रचून खेळायचा तो खेळ. चार रात्री पोरगं खणत होतं. चौथ्या रात्री माझ्याजवळ येऊन बसला आणि म्हणाला, "मामा, तीनच डायमंड निघाले बघ. लोखंड मात्र ढिगानं आहे."

लोखंड ढिगानं म्हटल्यावरच माझ्या लक्षात आलं. "कितव्या लेव्हलला, म्हणजे किती उंचीवर खणतोयस?"

"अकरा. सगळे अकराच सांगतात की."

हे "सगळे सांगतात" मी गेली काही वर्षं ऐकतोय. बिल्डिंगमधली पोरं तेच सांगतात, त्यांचे दादा लोकही तेच सांगतात. एके काळी ते खरं होतं. तेव्हा जगाचा तळ शून्यावर होता, डायमंड सोळाच्या खालीच मिळायचे आणि गुहांमधला लाव्हा दहापर्यंत भरलेला असायचा. म्हणून लाव्हाच्या जरा वर, अकरा-बारावर बोगदा काढायचा हा हिशेब बरोबर होता. पण ३० नोव्हेंबर २०२१ ला खेळाची १.१८ ही आवृत्ती आली आणि जगाचा तळ शून्यावरून मायनस ६४ वर गेला. डायमंड आजही सोळाच्या खालीच सुरू होतात, पण वरच्या भागात अगदी तुरळक असतात आणि खाली जाल तसे वाढत जातात. अकरावर उभं राहणं म्हणजे त्यांच्या वस्तीच्या गच्चीवर उभं राहणं. लोखंडाचं एक मोठं प्रमाण मात्र १६ च्या आसपास आहे, म्हणून भाच्याच्या पेट्या लोखंडानं भरल्या होत्या. खेळानं त्याला फसवलं नव्हतं. खेळ बदलला आणि सांगणाऱ्यांनी आपलं सांगणं बदललं नाही, एवढंच.

माझी सवय सांगतो. बोगद्याची जमीन मायनस ५८ ला धरायची. मायनस ६० पासून बेडरॉक, म्हणजे तळाचा न फुटणारा दगड, लागायला लागतो, त्यामुळे आणखी खाली गेलं की कुदळ सारखी अडते. माणूस जाईल एवढा दोन ब्लॉक उंच बोगदा सरळ काढायचा आणि त्याला दोन्ही बाजूंनी फाटे फोडायचे. दोन फाट्यांच्या मध्ये दोन ब्लॉक सोडायचे, म्हणजे मधलं काही नजरेतून सुटत नाही. हे कंटाळवाणं काम आहे, मान्य. पण "गुहेत हिंडलं की आपोआप दिसतात" म्हणणाऱ्यांनी एक गोष्ट ध्यानात घ्यावी: जग तयार होताना हवेला उघडे पडणारे बरेचसे डायमंड खेळ तिथेच गाळून टाकतो. भिंतीच्या आत दडलेले मात्र शाबूत राहतात. मोठ्या गुहेत भिंती भराभर बघून होतात, हे खरंय. पण त्या खोलीवर अंधार, राक्षस आणि लाव्हाची तळी सांभाळत फिरणं नवशिक्याचं काम नाही.

आणि आकडा बघितल्याशिवाय खणू नका. मोबाईलवर वर्ल्डच्या सेटिंगमध्ये शो कोऑर्डिनेट्स चालू करा, कॉम्प्युटरवरच्या जावा एडिशनमध्ये एफ-थ्री दाबा. तीन आकड्यांतला मधला वाय, म्हणजे उंची, तोच आपला. भाच्याचं हे सेटिंग बंदच होतं. अकरा हा आकडाही त्यानं पायऱ्या मोजून काढला होता. इतकी मेहनत करणाऱ्या पोराला कुणी तरी बरोबर आकडा सांगायला नको का?

दगडाची कुदळ घेऊन डायमंड फोडू नका. ब्लॉक फुटतो आणि हाताला काहीच लागत नाही. किमान लोखंडाची हवी, सोन्याचीही चालत नाही.

पन्ना सपाट माळाखाली शोधू नका. तो फक्त डोंगराळ बायोममध्ये, म्हणजे खेळातल्या डोंगरी प्रदेशात, मिळतो आणि उंच जाल तसा वाढतो. पन्न्यासाठी मी खणतच नाही, खेळातल्या गावकऱ्यांशी व्यवहार करून मिळवतो.

आता दुसरी मोठी चूक. ही बघितली की मला आजही वाईट वाटतं.

मागच्या मे महिन्यातली दुपार. बाहेर पाऊल टाकायची सोय नाही, कूलरपुढे बिल्डिंगमधली चार पोरं आणि मधे माझा भाचा. आकडा आता बरोबर होता, मायनस ५८. तीन दिवसांत त्यानं तेवीस डायमंड जमवले होते आणि ते सगळे त्याच्या अंगावर होते. मी म्हटलं, पेटीत टाक. तो म्हणाला, एवढा फाटा संपवतो मग टाकतो. मी चहा ठेवायला आत गेलो.

बोगद्याच्या छतातून नारिंगी थेंब पडत होते, एकेक करून, अगदी सावकाश. छतातून असा थेंब पडतो म्हणजे त्या ब्लॉकच्या वर लाव्हा असतो, दुसरा अर्थ नाही. भाच्यानं थेंब बघितले होते, पण त्याच्या शेजारी डायमंडचा निळा कोपरा दिसत होता. नीट पोचावं म्हणून त्यानं डोक्यावरचा ब्लॉक फोडला. लाव्हा सरळ अंगावर आला. मागं पळायचं तर मागं त्याचाच दोन ब्लॉक उंच, एक ब्लॉक रुंद बोगदा. मी कप घेऊन बाहेर आलो तेव्हा खोलीत कुणी बोलत नव्हतं. एक पोरगं हळूच म्हणालं, "का बे, पाणी नव्हतं का तुझ्याकडं?" भाच्यानं मान हलवली. मेल्यावर वस्तू पाच मिनिटं जमिनीवर पडून राहतात, धावत जाऊन उचलता येतात. लाव्हात पडलेल्या मात्र जळतात. तेवीसचे तेवीस गेले, कुदळही गेली.

त्या दिवसापासून आमच्या घरात तीन नियम आहेत. पाण्याची बादली स्क्रीनच्या खालच्या पट्टीत शेवटच्या खान्यात, कायम. लाव्हा दिसला की पाणी ओतायचं. साठलेल्या लाव्हाचं ऑब्सिडियन, म्हणजे काळा कडक दगड, होतं आणि ते पुढं लागतंच. दुसरा नियम: बोगद्याच्या तोंडाशी पेटी, आणि अंगावर आठ डायमंड झाले की माघारी. आठ का, तर गेले तरी रात्री झोप लागते. तिसरा: पायाखालचा ब्लॉक फोडत सरळ खाली उतरायचं नाही. खाली काय आहे ते दिसत नाही, आणि त्या खोलीवर बहुतेक वेळा लाव्हाच असतो. पायऱ्या काढा, वेळ लागू दे. पुढे एंडर चेस्ट नावाची जादूची पेटी बनवता आली तर उत्तम. तिच्यात टाकलेलं दुसऱ्या कुठल्याही एंडर चेस्टमधून काढता येतं. ती उचलायला मात्र सिल्क टच ही जादू चढवलेली कुदळ हवी, नाहीतर नुसते आठ ऑब्सिडियन हातात येतात.

उतावळेपणाची पुढची पायरी म्हणजे दिसला डायमंड की फोडला. पहिल्या पाचांचं ठीक आहे. तीनची कुदळ करा. तिनं चार ऑब्सिडियन काढा, एक पुस्तक आणि उरलेले दोन डायमंड घालून एन्चांटिंग टेबल, म्हणजे अवजारांवर जादू चढवायचं टेबल, करा. त्यानंतर मात्र हात आवरा. टेबलाभोवती पंधरा बुकशेल्फ लावून कुदळीवर फॉर्च्यून थ्री (एका ब्लॉकमधून जास्त डायमंड पाडणारी जादू) मिळेपर्यंत नवा दिसलेला प्रत्येक डायमंड जागेवर राहू द्या, शेजारी टॉर्च लावा आणि आकडे वहीत लिहून ठेवा. फॉर्च्यून थ्रीनं एका ब्लॉकमागे सरासरी २.२ डायमंड पडतात, म्हणजे दहा ब्लॉकचे बावीसच्या आसपास. आत्ता फोडाल तर दहाच. दाणा भरायच्या आधी ज्वारी कापत नाहीत, तसंच हे आहे. पहिल्या डायमंडांचं खुरपं करणाऱ्या पोरांशी मी वाद घालत नाही, पण मनातून पटत नाही.

एक्स-रे टेक्श्चर लावून भिंतीपलीकडचं बघणाऱ्यांना माझ्या वर्ल्डमध्ये जागा नाही. शोधण्यातच सगळा आनंद आहे, तो काढून टाकल्यावर उरतं काय? शिवाय चार जण मिळून खेळताना ते बाकीच्या तिघांच्या मेहनतीची चोरी असते.

नेदरमध्ये, म्हणजे खेळातल्या लाव्हानं भरलेल्या दुसऱ्या जगात, एन्शंट डेब्री शोधायला निघणाऱ्यांसाठी थोडं. डायमंडच्याही वरचं नेदराइट याच ब्लॉकपासून होतं. लेव्हल पंधरा धरा. हा ब्लॉक हवेला उघडा कधीच तयार होत नाही, म्हणून गुहांमधून नुसतं हिंडून डोळ्यांना दिसायचा नाही, खणावंच लागतं. कुदळ डायमंडची हवी. फॉर्च्यूनचा इथं उपयोग नाही. नेदरमध्ये पाणी ओतता येत नाही, तेव्हा बादलीच्या भरवशावर जाऊ नका. फायर रेझिस्टन्सचं औषध साधं तीन मिनिटं टिकतं, रेडस्टोन घातलं की आठ. मी आठवालंच नेतो. पलंग फोडून खणणारे असतात. नेदरमध्ये पलंगावर झोपायला गेलं की स्फोट होतो, डेब्रीला काही होत नाही आणि भोवतालचा दगड उडतो. स्वस्त आहे, चालतंही. पण स्वतः आणि पलंग यांच्यात एक ब्लॉक न ठेवता हे करणारा माणूस फार वेळ खेळात राहत नाही. सोन्याच्या चिलखताचा एक तुकडा घातलेला असला की पिग्लिन, म्हणजे नेदरमधले डुकरासारखे प्राणी, गप्प राहतात, पण त्यांच्यासमोर सोनं खणलंत की सोनं घातलेलं असलं तरी अंगावर येतात.

डेब्री भट्टीत टाकली की स्क्रॅप मिळतो. चार स्क्रॅप आणि चार सोन्याच्या विटा मिळून नेदराइटची एक वीट. चिलखताचे चार तुकडे म्हणजे सोळा डेब्री. इथपर्यंत सगळे नीट येतात आणि स्मिदिंग टेबलापुढं अडतात, कारण जून २०२३ च्या १.२० आवृत्तीपासून डायमंडची वस्तू नेदराइटची करायला प्रत्येक वस्तूला एक अपग्रेड टेम्प्लेट लागतं. ते बॅस्टियनमध्ये, म्हणजे नेदरमधल्या पडक्या किल्ल्यांत मिळतं, आणि खजिन्याची खोली असलेल्या बॅस्टियनमध्ये नक्की मिळतं. भाच्याला परवा पहिलं मिळालं. लगेच हेल्मेटवर वापरायला निघाला होता, मी हात धरला. वापरलेलं टेम्प्लेट संपतं. त्याआधी सात डायमंड आणि एक नेदररॅक (नेदरमधला साधा लाल दगड) घालून एकाची दोन करून घ्यायची. चार तुकड्यांना तीन वेळा कॉपी, म्हणजे एकवीस डायमंड. त्यानं वही काढली. टॉर्च लावून ठेवलेले चौदा ब्लॉक त्यात लिहिलेले होते.