कॉलेज फुटबॉल रेडिओवर ऐकायचंय?

अमेरिकेत शिकणाऱ्या मुलामुळे कॉलेज फुटबॉलचा (म्हणजे विद्यापीठांच्या संघांमधल्या अमेरिकन फुटबॉलचा) नाद लागला असेल, तर सामना एकदा रेडिओवर ऐकाच. बहुतेक मोठ्या विद्यापीठांचे स्वतःचे समालोचक असतात. ते आपल्याच संघाच्या बाजूने, जीव तोडून बोलतात. टीव्हीवर ती मजा नाही.

भारतातून ऐकायला 'व्हर्सिटी नेटवर्क' हे मोफत अ‍ॅप घ्या आणि विद्यापीठाचं नाव शोधा. तिथे नसेल तर विद्यापीठाच्या क्रीडा विभागाची वेबसाइट पाहा. शनिवारी दुपारी 12 चा (ईस्टर्न, म्हणजे अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्याची वेळ) सामना आपल्याकडे रात्री 9:30 ला सुरू होतो. नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी तिथली घड्याळं मागे गेली की 10:30 ला.

तिथेच राहत असाल तर साधा एएम रेडिओ घ्या. रात्री एएमच्या लहरी आयनांबरावरून (वातावरणाच्या विद्युतभारित वरच्या थरावरून) परावर्तित होऊन शेकडो मैल जातात, त्यामुळे 50,000 वॉटची केंद्रं परराज्यातही लागतात. आवाज खरखरला तर रेडिओ खिडकीशी ठेवून हळूहळू फिरवा. एरियल आतल्या फेराइटच्या कांडीचा असतो, दिशा बदलली की आवाज एकदम उघडतो. जवळचा मोबाइल चार्जर आणि एलईडी दिवाही बंद करा.