थ्रस्ट बेअरिंग गेलं म्हणून गिअरबॉक्स उतरवताय? आधी या चुका टाळा

गणपती झाले, चाकरमानी परतले, की पुढचे पंधरा दिवस आमच्या गॅरेजात एकच तक्रार असते. "क्लच दाबला की किरकिरतंय हो." मुंबईहून येताना महामार्गावर तासन्‌तास पहिल्या-दुसऱ्या गिअरात रखडायचं, डावा पाय क्लचवरच. मग आवाज नाही येणार तर काय! गाडी लिफ्टवर घ्यायच्या आधीच कुणीतरी निकाल देतो, "थ्रस्ट बेअरिंग गेलं." खरी गंमत इथूनच सुरू होते.

आपल्याकडे क्लचच्या रिलीज बेअरिंगलाही (पेडल दाबलं की क्लच सोडवणारं) थ्रस्ट बेअरिंग म्हणतात, आणि क्रँकच्या, म्हणजे इंजिनाच्या मुख्य फिरत्या दांड्याच्या, एका मेन बेअरिंगच्या बाजूंना बसणाऱ्या अर्ध्या चकतीसारख्या थ्रस्ट वॉशरलाही. पहिलं गिअरबॉक्स उतरवला की हाताशी येतं. दुसऱ्यासाठी इंजिनाच्या पोटात हात घालावा लागतो. कशाबद्दल बोलतोय हे मेस्त्रीला आणि गिऱ्हाइकाला नीट माहीत नसेल, तर बिलाच्या वेळी भांडण ठरलेलं.

म्हणून पाना उचलण्याआधी कान लावा. इंजिन चालू, गाडी न्यूट्रलमध्ये. पेडल अगदी हलकं, बोटभर दाबा. तेवढ्यावर किरकिर सुरू झाली आणि सोडल्यावर थांबली, तर रिलीज बेअरिंगवर संशय घ्या. उलट पेडल वर असताना घरघर आणि दाबल्यावर शांत, तर तो गिअरबॉक्सच्या इनपुट शाफ्टच्या (क्लचकडून आत जाणाऱ्या दांड्याच्या) बेअरिंगचा आवाज असू शकतो. या दोन आवाजांची अदलाबदल करून फुकट बदललेली रिलीज बेअरिंगं मी पुष्कळ पाहिलीत. क्लचशी काही संबंधच नसलेला आवाज असेल तर आधी बेल्ट काढून क्षणभर इंजिन चालवून बघा. अल्टरनेटरचं बेअरिंगही असंच ओरडतं.

माझी स्वतःची चूक सांगतो. एका डिझेल गाडीचं रिलीज बेअरिंग मी बदललं. दीड महिन्यात गाडी परत दारात. क्लच दाबला की आयडलिंग खाली जात होतं आणि आतून बोजड 'टक' येत होता. ही लक्षणं पहिल्या वेळीही होती, मी ऐकून सोडून दिली होती. शेवटी इंजिन बंद करून पोऱ्याला पेडल दाबायला लावलं आणि पुढच्या पुलीवर बॅटरी मारली. पुली चक्क बाहेर आली, डोळ्यांना दिसेल इतकी. चेंबर (इंजिनाखालची ऑइलची टाकी) खोलला तर थ्रस्ट वॉशरचा एक अर्धा भाग घासून पातळ होऊन ऑइलात पडलेला, आणि क्रँक मेन बेअरिंगच्या कॅपला घासत होता.

क्लच दाबला की रिलीज बेअरिंग क्रँकला गिअरबॉक्सपासून दूर रेटतं. तो भार हे वॉशर झेलतात. बहुतेक गाड्यांत क्रँकची पुढे-मागे चाल साधारण ०.१ ते ०.२५ मिलिमीटर असते. ०.३ च्या पुढे गेली तर सावध व्हायचं. नेमकी मर्यादा त्या गाडीच्या मॅन्युअलमध्ये बघावी. डोळ्यांनी अंदाज न घेता डायल गेज (बारीक चाल मोजणारं काट्याचं माप) लावा. क्रँक आधी पूर्ण मागे ढकला, काटा शून्यावर आणा, मग पुढे. बऱ्याच जणांची इथे फसगत होते: पहिल्यांदा पेडल दाबलं तेव्हाच क्रँक पुढे सरकून तिथेच राहिलेला असतो, दुसऱ्यांदा दाबल्यावर पुली हलत नाही आणि 'काही नाही, ठीक आहे' असा शेरा बसतो. ढकलायची लोखंडी पट्टी पुलीच्या रबरी कडेवर टेकवू नका, ती उसवते.

काम करतानाच्या दोन चुका फार महाग पडतात. नवं रिलीज बेअरिंग डिझेलमध्ये बुडवून 'स्वच्छ' करायची सवय. आतलं ग्रीस जन्मभरासाठी भरलेलं असतं. डिझेल आत शिरलं की ते पातळ होऊन वाहून जातं. आणि थ्रस्ट वॉशर उलटा बसवणं. ऑइलच्या खाचा क्रँककडेच हव्यात, ब्लॉककडे वळवल्या तर घासणाऱ्या तोंडाला तेलच मिळत नाही. हे वॉशर मूळ मापापेक्षा जाडही मिळतात, पण क्रँकची कड खराब झाली असेल तर नुसता जाड वॉशर घालून भागत नाही.

पुरात बुडालेल्या गाड्यांची गोष्ट वेगळी. २०२१ च्या जुलैत चिपळूण पाण्याखाली गेलं, तेव्हा लोकांनी ऑइल बदललं, सीट वाळवले; क्लचच्या घरात शिरलेल्या पाण्याचा विचार फार थोड्यांनी केला. चिखल-पाणी शिरलेलं बेअरिंग लगेच आवाज करत नाही, गंज धरला की मागाहून बोलतं.

खाऱ्या वाऱ्यात केबलही आखडते. ती ओढून ओढून पेडलची मोकळी चालच (भार लागण्याआधी पेडल जेवढं सहज खाली जातं ती) शून्य करून ठेवतात. मग बेअरिंग सतत घासत राहतं आणि क्रँकवर अखंड दाब. केबलच्या गाडीत साधारण १० ते २० मिलिमीटर चाल राहू द्या. हायड्रॉलिक क्लचच्या बऱ्याच गाड्यांत मात्र बेअरिंग हलकंसं टेकूनच फिरतं आणि चाल आपोआप जुळते, तिथे पेडलला चाल जुळवायचा नट शोधत बसू नका.