देखणा चेहरा नट कसा होतो? किवांच तातलितूची कामं या क्रमाने पाहा

अभिनय शिकायला येणाऱ्या मुलांना मी एकाच नटाची सगळी महत्त्वाची कामं क्रमाने पाहायला लावते. एखाद्याचं गाजलेलं काम तेवढं पाहिलं तर हाती फार काही लागत नाही, कारण तिथे सगळं जमून आलेलं असतं. जमत नव्हतं ते जमायला कसं लागलं, हे बघायचं असेल तर तो नट कॅमेऱ्यासमोरच शिकलेला हवा. म्हणून माझी निवड तुर्कस्तानच्या किवांच तातलितूची. त्याच्याहून थोर नट तुर्कस्तानात आहेत. हालुक बिलगिनेरसारखा माणूस रंगभूमीवर तावूनसुलाखून निघालेला. पण बिलगिनेर टीव्हीवर दिसतो तेव्हा तयार असतो. किवांच तयार नव्हता, आणि त्याची तयारी लाखो लोकांनी दर आठवड्याला पाहिली.

कोल्हापुरात माझ्याकडे येणाऱ्या मुलामुलींमध्ये एक-दोन जण तरी असे असतात, ज्यांना लहानपणापासून सगळे सांगत आलेले असतात, “तू मालिकेत शोभशील.” हा लेख मुख्यतः त्यांच्यासाठी.

आधी माणूस समजून घ्या. जन्म 27 ऑक्टोबर 1983, अदाना शहरात. अदाना दक्षिणेकडचं, कापसाच्या शेतीसाठी ओळखलं जाणारं शहर. मुलगा बास्केटबॉल खेळायचा. वडिलांच्या आजारपणामुळे घर इस्तंबूलला आलं, तिथे मोठ्या क्लबांच्या संघांतून तो खेळला आणि पायाच्या दुखापतीने खेळ सुटला. मग मॉडेलिंग. 2002 मध्ये आधी तुर्कस्तानातली आणि लगेच जागतिक पातळीवरची ‘बेस्ट मॉडेल’ स्पर्धा जिंकली, काही काळ पॅरिसलाही काढला. म्हणजे 2005 मध्ये मालिकेच्या सेटवर पाऊल ठेवलं तेव्हा त्याच्याकडे खेळाडूचं शरीर होतं आणि कॅमेऱ्याला न बुजणारा चेहरा होता. नाट्यशाळेचं शिक्षण मात्र पाठीशी नव्हतं. ही जमाखर्चाची बाजू लक्षात ठेवा, पुढे प्रत्येक मालिकेत ती उपयोगी पडेल.

आता पाहण्याची तयारी. हिंदी डबिंग टाळा. आपल्याकडे 2015 पासून ‘जिंदगी’ वाहिनीने तुर्की मालिका हिंदीत आणल्या, घराघरांत बायकांनी त्या प्रेमाने पाहिल्या, त्याबद्दल मला आदरच आहे. पण अभ्यास करताना दुसऱ्याच माणसाचा आवाज ऐकून काय उपयोग? यूट्यूबवर बऱ्याच मालिकांच्या अधिकृत वाहिन्यांवर मूळ तुर्की भाग मिळतात, ते उपशीर्षकांसह लावा. भाषेची भीती बाळगू नका. तुर्की वाक्यातही क्रियापद शेवटी येतं, आपल्यासारखंच. त्यामुळे नट वाक्याच्या शेवटापर्यंत दम कसा राखतो, कुठे जागा घेतो, कुठे वाक्य खातो, हे मराठी कानाला चटकन कळतं. इंग्रजी मालिका बघताना हे सुख मिळत नाही.

मालिकेचा मूळ भाग निवडा, परदेशासाठी कापलेला नको. तुर्कस्तानात मालिका रोज नसते. आठवड्याला एक भाग, पण तो दीड तासाचा आणि अलीकडे तर दोन तासांहूनही मोठा. परदेशी विकताना त्याचेच पाऊण-पाऊण तासाचे तुकडे पाडतात आणि भागांची संख्या फुगते. तुकड्यांत प्रसंगाची चढण हरवते. हंगाम साधारण सप्टेंबर ते जून. चित्रीकरण प्रक्षेपणाच्या जेमतेम पुढे धावत असतं, आणि प्रेक्षकसंख्या घसरली की मालिका मध्येच बंद. भागांच्या या लांबीविरुद्ध 2010 च्या डिसेंबरात तिथले लेखक, नट, तंत्रज्ञ इस्तंबूलच्या रस्त्यावर उतरले होते. आपल्या दैनंदिन मालिकेचे बावीस मिनिटांचे सहा भाग मोजा, आठवड्याचा हिशेब जवळपास तितकाच येतो. तेव्हा “त्यांना वेळ मिळतो, आम्हाला कुठे मिळतो” हे कारण माझ्या वर्गात चालत नाही.

पहिली मालिका ‘ग्युम्युश’, 2005 ते 2007, कानाल डी वाहिनी, 100 भाग. सगळे पाहू नका. सुरुवातीचे चार-पाच, मधले दोन आणि शेवटचा, एवढे पुरे. श्रीमंत घराचा नातू मेहमेत प्रेयसीच्या जाण्याने खचलेला आहे, आणि आजोबा गावाकडची मुलगी त्याच्यासाठी सून म्हणून आणतात. आजोबांच्या भूमिकेत जुन्या तुर्की सिनेमातले मुरलेले एक्रेम बोरा, नायिका सोंग्युल ओदेन. या दोघांबरोबरच्या प्रसंगांत किवांचच्या हातांकडे बघा. बोलत नसताना हात काय करतायत? समोरचा बोलत असताना तो ऐकतोय, की आपल्या क्यूची, म्हणजे आपलं वाक्य सुरू करायच्या खुणेची, वाट बघतोय? प्रत्येक भागाखाली वहीत एकच ओळ लिहा. चूक काढायची नाही, दिसलं ते लिहायचं.

याच मालिकेने त्याला जगभर नेलं, तेही उशिरा. 2008 मध्ये एमबीसी या अरबी वाहिनीने ती सीरियन बोलीत डब करून ‘नूर’ नावाने अरब देशांत दाखवली. मेहमेतचा मुहन्नद झाला. त्या ऑगस्टमधला शेवटचा भाग साडेआठ कोटी लोकांनी पाहिल्याचं सांगितलं जातं. सौदी अरेबियाच्या मुख्य मुफ्तींनी मालिकेवर जाहीर टीका केली, आणि इस्तंबूलच्या बोस्फोरस सामुद्रधुनीकाठचा मालिकेतला वाडा बघायला अरब पर्यटकांची रीघ लागली. माझ्या मुलांना मी हे मुद्दाम सांगते: या प्रसिद्धीत त्याचा आवाज नव्हता. अरबी बोलणारा नट वेगळाच होता. लोक चेहऱ्यावर भाळले होते. चोवीस-पंचवीस वर्षांच्या माणसाने तिथेच थांबायचं ठरवलं असतं, तर त्याला कोणी दोष दिला नसता.

मधली ‘मेनेक्शे इले हालिल’ वेळ असेल तर पाहा, नसेल तर सोडा.

आता खरा अभ्यास. ‘आश्क-इ मेम्नू’, 2008 ते 2010, 79 भाग. हालित झिया उशाकलिगिल यांची 1900 ची कादंबरी, दिग्दर्शिका हिलाल साराल. हीच कादंबरी 1975 मध्ये हालित रेफी यांनी तुर्की सरकारी दूरचित्रवाणीसाठी सहा भागांत केली होती, त्यामुळे तुलना ठरलेलीच होती. किवांच झाला बेहलुल: अदनान बेंनी (‘बे’ म्हणजे आपलं ‘साहेब’) मुलासारखा वाढवलेला, त्यांच्याच तरुण बायकोच्या, बिहतेरच्या, प्रेमात पडणारा, आणि शेवटी त्यांच्याच मुलीशी, निहालशी, लग्नाला उभा राहणारा. माणूस भेकड आहे. आणि देखण्या नटाला भेकडपणा दाखवायला सांगणं ही मोठीच परीक्षा, कारण त्याची आजवरची सगळी पुण्याई रुबाबावर उभी असते.

इथे पहिल्या हंगामातले निवडक भाग आणि दुसरा हंगाम शक्य तितका पूर्ण पाहा. 24 जून 2010 चा शेवटचा भाग तर जपून, सवडीने. लग्नाचा दिवस, वाड्यात पाहुणे, आणि बंद खोलीत बिहतेर स्वतःच्या छातीवर पिस्तूल टेकवून बेहलुलसमोर उभी. दाराबाहेर अदनान. बिहतेर झालेली बेरेन सात हा प्रसंग खेचून नेते, सगळ्यांच्या लक्षात तीच राहते, आणि ते योग्यच आहे. तुम्ही मात्र तो तीनदा पाहा. पहिल्यांदा उपशीर्षकांसह, गोष्ट कळण्यासाठी. दुसऱ्यांदा आवाज पूर्ण बंद करून, फक्त बेहलुलकडे बघत. तिसऱ्यांदा पडद्याकडे पाठ करून, नुसतं ऐकत.

आवाज बंद असताना काय दिसतं? त्याला तिला वाचवायचंय आणि त्याच क्षणी स्वतःलाही वाचवायचंय. तिच्याकडे बघायचं की दाराकडे, हा झगडा शब्दांशिवाय कळतो. ‘ग्युम्युश’मध्ये हा नट एका वेळी एकच गोष्ट दाखवायचा: राग म्हणजे राग, दुःख म्हणजे दुःख. इथे एकाच क्षणात दोन परस्परविरोधी गरजा आहेत आणि त्याने दोन्ही पेलल्यात. वहीतली जुनी ओळ काढून याच्या शेजारी ठेवा. माझ्या दृष्टीने या साऱ्या प्रवासात नजर सर्वांत जास्त वेळ रेंगाळावी अशी जागा हीच. समोर बेरेन सात, सेल्चुक योंतेम, नेबाहात चेहरे अशी माणसं दोन वर्षं उभी राहिली, त्याचाही यात मोठा वाटा आहे. चांगल्या नटांसमोर उभं राहून ऐकायला शिकलात तर निम्मं शिक्षण तिथेच होतं. म्हणून मी मुलांना सांगते, मोठी भूमिका आणि कच्चा संच, किंवा छोटी भूमिका आणि पक्का संच, असं निवडायची वेळ आली तर दुसरं घ्या.

पुढची ‘कुझेय ग्युनेय’, 2011 ते 2013, 80 भाग. पटकथाकार एजे योरेंच आणि मेलेक गेंचोलू यांनी ‘आश्क-इ मेम्नू’ही लिहिली होती, म्हणजे किवांचचं बळ आणि त्याच्या मर्यादा त्यांना ठाऊक होत्या. बेकरीवाल्या बापाचे दोन मुलगे. मोठ्याच्या हातून अपघात होतो, धाकटा कुझेय गुन्हा अंगावर घेऊन तुरुंगात जातो आणि चार वर्षांनी बाहेर येतो. मोठा भाऊ बूरा ग्युलसोय, नायिका ओयक्यु कारायेल. किवांचचे ते प्रसिद्ध सोनेरी केस इथे बारीक कापलेले आहेत आणि भाषा गल्लीतली आहे.

इथे आवाज बंद करून चालणार नाही. कान लावून बघा. वाक्यं अर्धवट सोडणं, पुटपुटणं, मध्येच चिडून उसळणं, लगेच ओशाळणं. बापासमोरचे प्रसंग निवडा. ज्या घरात बापाचा हात मुलावर उठतो, त्या घरात मुलगा उंबरा ओलांडतो तेव्हा अंग कसं धरतो, हे बघा आणि मग आपल्या ओळखीची अशी घरं आठवा. तालमीत हा प्रसंग मराठीत करून पाहा: भाषांतर नको, फक्त परिस्थिती घ्या. बेकरीच्या जागी तुमच्याकडची पिठाची गिरणी चालेल. तुरुंगातून आलेला मुलगा, न विचारलेला प्रश्न, आणि आई वाढतेय. दहा मिनिटं संवादाशिवाय.

ही मालिका चालू असतानाच, फेब्रुवारी 2013 मध्ये, यिलमाझ एर्दोआन यांचा ‘केलेबेईन रुयासी’ हा चित्रपट आला. दुसऱ्या महायुद्धाच्या काळातलं झोंगुलदाक शहर, कोळशाच्या खाणींत सक्तीने राबवले जाणारे लोक, आणि क्षयाने खंगत चाललेले दोन तरुण कवी. किवांच झाला मुझफ्फर तय्यिप उस्लू, मेर्त फिरात झाला र्युश्त्यु ओनुर. दोघेही खरे कवी, दोघेही पंचविशी गाठण्याआधी गेले. त्या वर्षी ऑस्करसाठी तुर्कस्तानने हाच चित्रपट पाठवला होता. भूमिकेसाठी किवांचने वजन बरंच उतरवलं, त्याची चर्चाही खूप झाली. पण वजनाचं कौतुक करत बसू नका, उपाशी राहणं म्हणजे अभिनय नव्हे, आणि असले प्रयोग कोवळ्या वयात डॉक्टरला न विचारता करणं धोक्याचं आहे. बघायचं ते हे, की खोकल्याची उबळ आलेली असतानाही तो माणूस कवितेवर खूश आहे. आजार दाखवायचा मोह आवरून त्याने आनंद दाखवलाय.

यानंतरचं थोडक्यात. ‘कुर्त सेयित वे शुरा’ 2014 ची, खर्चिक, रशियन क्रांतीच्या काळातली, 21 भागांत आटोपलेली. मोठं नाव असूनही मालिका लवकर संपू शकते, हे कळण्यासाठी पाहा. 2016 ची ‘जेसुर वे ग्युझेल’ निवांत बघायला छान आहे, अभ्यासाला नवं फारसं देत नाही. 2022 ची ‘याकामोझ एस-245’ नेटफ्लिक्सवर आहे, अवघे सात भाग. दीड तासाच्या भागांवर घडलेला नट छोट्या भागांत काय गाळतो, ते तिथे दिसतं. 2023 ची ‘आयले’ शेवटी ठेवा. त्यात तो चाळिशीच्या उंबऱ्यावरचा नट आहे, आणि समोरच्याचं वाक्य संपेपर्यंत थांबायला त्याला आता काहीच अवघड जात नाही.

हे सगळं एका दमात करू नका. आठवड्याला एक मूळ भाग, त्यातला एकच प्रसंग तीनदा, आणि वहीत एक ओळ. ‘ग्युम्युश’चे सात-आठ आठवडे कंटाळवाणे जातील, पण ते गाळू नका, नाहीतर बेहलुलसमोर ठेवायला वहीत काहीच नसेल. जोडीदार घेऊन पाहत असाल तर भाग संपल्यावर लगेच चर्चा नको. आधी दोघांनी आपापली ओळ लिहा, मग वह्या बदला.