आधी विचारा: रोपं किती?

एम.एस्सी.ला असताना मी सहा कुंड्यांतली साठ पानं मोजली आणि नमुना साठचा आहे असं लिहून मोकळी झाले. तोंडी परीक्षेत प्रश्न आला, "रोपं किती?" एकाच रोपाची पानं एकमेकांपासून स्वतंत्र नसतात, हे तेव्हा कळलं. तेव्हापासून आकडेवारीवर संख्याशास्त्रीय मॉडेल बसवण्याआधी मी विद्यार्थ्यांना हेच विचारते: एकमेकांपासून खरोखर स्वतंत्र काय आहे?

सरावाला 'आर' या संख्याशास्त्राच्या संगणकभाषेत एलएमई४ (lme4) पॅकेज घ्या आणि त्यातला 'स्लीपस्टडी' डेटा उघडा. झोप कमी केलेल्या १८ जणांचा प्रतिक्रियेला लागणारा वेळ, प्रत्येकी १० दिवस, एकूण १८० नोंदी. आधी प्रत्येकाचा वेगळा आलेख काढा, ही पायरी अजिबात गाळू नका. ३०८ क्रमांकाचा माणूस २५० मिलिसेकंदांवरून ४६६ वर जातो. ३३५ क्रमांकाचा जवळपास होता तिथेच राहतो. एकच रेषा दोघांना कशी लागू पडेल?

तरी साधी रेषा बसवून बघा: रोज १०.४७ मिलिसेकंदांची वाढ, प्रमाण त्रुटी (म्हणजे या अंदाजातली अनिश्चितता) १.२४. आता मिश्र मॉडेल घ्या, त्यात प्रत्येकाला स्वतःची सुरुवात आणि स्वतःचा उतार, म्हणजे रोजची वाढ, द्या. सरासरी उतार तोच येतो, प्रमाण त्रुटी मात्र १.५५ होते. ती वाढली म्हणून हिरमुसू नका. नोंदी १८० असल्या तरी माणसं १८च आहेत.

लिहिताना नुसती पी व्हॅल्यू (परिणाम नसताना निव्वळ योगायोगाने असा निकाल येण्याची शक्यता) देऊ नका. उतार, त्याचा ९५ टक्के विश्वास-अंतराल, म्हणजे खरा उतार ज्यात असावा तो पट्टा (साधारण ७.४ ते १३.५), आणि माणसागणिक उतारांचं प्रमाण विचलन, म्हणजे ते एकमेकांपासून किती वेगळे आहेत याचं माप, ५.९, हेही द्या. कुंड्यांच्या प्रयोगात माणसाच्या जागी कुंडी घाला.