मोगऱ्याचं पाणी तोडा, तरच उन्हाळ्यात फुलं

सांगलीत दारोदारी मोगरा आहे पण निम्म्या घरांत नुसता पालाच. माझंही तीन वर्षं तेच, रोज संध्याकाळी पाइपनं पाणी, महिन्याला चमचाभर युरिया आणि मार्चमध्ये मोजून पाच-सहा फुलं. शेवटी तासगावचे द्राक्षबागवाले पाहुणे आलेले, कुंडी बघून म्हणाले, "ह्याला ताण कधी दिलाय? छाटलाय का?" दोन्ही नाय. ताण म्हणजे थोडे दिवस पाणी तोडून झाड तहानलेलं ठेवणं.

तर आता असं करतो. डिसेंबर लागला की पाणी कमी करत आणायचं आणि शेवटचे दोन आठवडे तोडायचंच. जमिनीतल्या झाडाला चालतंय, आपली काळी माती ओल धरून ठेवते, कुंडीत मात्र शेंडे मलूल पडले की तांब्याभर द्या, नायतर झाडच जाईल. पानं पिवळी पडून गळतात तेव्हा घरचे ओरडतात, ओरडू देत.

जानेवारीच्या पहिल्या पंधरवड्यात छाटणी. मोगरा नव्या फुटीवर फुलतो त्यामुळं जुनं राखून उपयोग नाय, अख्खं झाड दीड फुटावर आणायचं, धारदार कात्रीनं, डोळ्याच्या (फांदीवर जिथनं नवा कोंब फुटतो ती जागा) जरासं वर तिरका काप. वाळकी आणि काडीसारखी बारीक फांदी बुडातनंच काढा, उरलेली पानं हातानं ओरबाडा. पहिल्या वर्षी माझा हातच धजत नव्हता, झाड पार बोडकं दिसतं.

मग बुडातली माती दोन इंच उकरायची, दोन ओंजळी कुजलेलं शेणखत, मूठभर निंबोळी पेंड आणि आता भरपूर पाणी. युरिया नको. ऊन पाच-सहा तास पाहिजेच, सावलीत कायपण करा, फुलं येत नाहीत. फेब्रुवारीत फूट, मार्चमध्ये कळ्या.

कोवळी पानं पिवळी अन् शिरा तेवढ्या हिरव्या दिसल्या तर लोह कमी पडतंय, काळ्या मातीत हे होतंच. 1 लिटर पाण्यात 5 ग्रॅम फेरस सल्फेट, संध्याकाळी फवारा. कळीला भोक म्हणजे आत अळी, तसल्या कळ्या तोडून लांब टाका आणि लिटरला 5 मिली कडुनिंबाचं तेल, थोडा साबण घालून फवारा.

पहिला बहार ओसरला की फुललेले शेंडे दोन-तीन पेरं खुडा, पावसापर्यंत आणखी एखादा बहार मिळतो.