जुन्या कॅड सॉफ्टवेअरला कायदेशीर पर्याय निवडताना

ऑटोकॅड या कॅड (संगणकावर आराखडे काढण्याच्या) सॉफ्टवेअरची जुनी आवृत्ती नव्या संगणकावर चालेनाशी झाली, तर क्रॅक केलेली प्रत शोधण्याआधी आपले काम द्विमितीय आहे की त्रिमितीय, हे ठरवावे. केवळ नकाशे आणि आराखडे काढायचे असतील, तर लिब्रेकॅड हे मोफत, मुक्तस्रोत सॉफ्टवेअर बहुधा पुरते. त्रिमितीय सुट्या भागांसाठी फ्रीकॅड आहे, मात्र ते शिकायला सवड हवी. ऑटोकॅडच्या विद्यार्थी परवान्यावर व्यावसायिक काम करणे नियमबाह्य ठरते, हेही ध्यानात असू द्यावे.

खरी अडचण जुन्या फाइलींची असते. जुने सॉफ्टवेअर चालू आहे तोवरच सर्व डीडब्ल्यूजी (ऑटोकॅडच्या मूळ स्वरूपातील) फाइली डीएक्सएफ स्वरूपातही जतन करून ठेवाव्यात, कारण डीएक्सएफ बहुतेक कॅड सॉफ्टवेअरमध्ये उघडते. त्यानंतर आपलाच एखादा किचकट आराखडा नव्या सॉफ्टवेअरमध्ये उघडून मापांचे आकडे, हॅच (भाग भरून दाखवणाऱ्या रेषांची नक्षी), तुटक रेषा आणि अक्षरे जागच्या जागी आहेत का, हे बारकाईने पाहावे. तो १:१०० प्रमाणात छापून पट्टीने मोजावा: ५ मीटरची भिंत कागदावर नेमकी ५० मिलिमीटर भरली पाहिजे. पडद्यावर सगळे ठीक दिसूनही छपाईत प्रमाण बिघडू शकते.